कासोट्याची शिलाई

हिराबाई म्हणजे माझ्या वडिलांची पहिली बायको. मूल होत नाही म्हणून वडिलांनी तिच्याशी फारकत घेतली, माझ्या आईशी लग्न केलं आणि मग मी झाले. वडील गेले तेव्हा पुण्यानुमोदनाच्या कार्यक्रमाला ती शेवटच्या रांगेत येऊन बसली. नातेवाइकांनी नाकं मुरडली. आईने मात्र तिला पुढे बोलावलं आणि मला सांगितलं, ही तुझी मोठी आई.

आईची हॉस्पिटलात दुपारची पाळी, त्यामुळे शाळा सुटली की मी मोठ्या आईच्या दुकानात जायला लागले. कसबा पेठेतल्या बोळात दोन मशिनी जेमतेम मावतील एवढं दुकान. ती फक्त शिवलेल्या नऊवारी करायची. बोलायची कमी, तेही तिरकं. कोणी घाई केली तर म्हणायची, "तयार साड्यांची दुकानं लक्ष्मी रोडला आहेत, चालत दहा मिनिटं." तिचा एकच नियम होता. गिऱ्हाइकाने नेसून, उकिडवं बसून दाखवल्याशिवाय साडी दुकानाबाहेर जात नसे.

राजनंदिनी माझ्या वर्गात होती, नववीत. ऑगस्टमध्ये पीटीच्या तासाला माझ्या पांढऱ्या सलवारवर डाग पडला. तिने त्याचा व्हिडिओ काढला, वर एक गाणं घातलं आणि वर्गाच्या ग्रुपवर टाकला. पुढचे चार महिने मी वर्गात शिरले की मुली ते गाणं गुणगुणायच्या. घरी मी कोणाला सांगितलं नाही. मला फक्त वचपा काढायचा होता, तोही सगळ्या शाळेसमोर.

डिसेंबरमध्ये गॅदरिंगच्या नाचासाठी बारा नऊवारी आमच्याकडे शिवायला आल्या. त्यात एक राजनंदिनीची. कासोटा मोठी आई स्वतःच शिवायची. ती काठ आणायला गेली तेवढ्यात मी राजनंदिनीच्या कासोट्याची शिलाई उसवली आणि हाताने नुसता धावदोरा घातला. दुकानात एकदा बसेपर्यंत टिकेल आणि नाचताना सुटेल, असा माझा अंदाज होता.

अंदाज चुकला. आदल्या संध्याकाळी राजनंदिनी तिच्या आईबरोबर आली, मला पाहून ते गाणं गुणगुणत साडी नेसली आणि बसली. टर्रकन मागची सगळी शिलाई सुटली. दोन्ही हातांनी मागे धरत ती पडद्याआड पळाली. मला बघायला गॅदरिंगचे सहाशे लोक हवे होते आणि मिळाले मला धरून तिघं.

तिची आई मोठ्या आईवर तुटून पडली. वय झालंय, दिसत नाही, दुकान बंद करा, काय वाट्टेल ते. मोठ्या आईने साडी हातात घेतली, धावदोरा पाहिला आणि मग माझ्याकडे पाहिलं. तिला कळलं. तरी तिने त्या बाईपुढे हात जोडले आणि म्हणाली, "चूक माझी."

मला माझीच चीड आली, आणि राजनंदिनीची दुप्पट.

"शिलाई मी घातली," मी म्हणाले. "मुद्दाम कच्ची. का, ते तुमच्या मुलीच्या फोनमध्ये बघा."

बाईंनी फोन काढून घेतला. ते गाणं दुकानात शेवटपर्यंत वाजलं. फोन स्वतःच्या पर्समध्ये टाकून, साडी उद्या नेते एवढंच बोलून त्या मुलीला घेऊन गेल्या. माफी कोणीच मागितली नाही.

मला वाटलं आता मार बसणार. मोठ्या आईने साडी माझ्यापुढे टाकली. "आता अशी शिव की दोघींनी ओढली तरी सुटायची नाही. आणि चार महिने हे एकटीने गिळलंस? मी काय मेले होते?" मी रडत रडत दुहेरी शिलाई घातली. मग तिने ती साडी मलाच नेसवली आणि वीस उठाबशा काढायला लावल्या. एक टाका हलला नाही.

दुसऱ्या दिवशी राजनंदिनी दुकानात पाऊल टाकायला तयार नव्हती. तिची आईच येऊन साडी घेऊन गेली.

संध्याकाळी गॅदरिंगला आम्ही दोघी दुसऱ्या रांगेत बसलो. अकरा मुली खाली बसून गिरक्या घेत होत्या. राजनंदिनी मात्र एक हात मागे धरून, अर्धवट वाकून, घामाघूम होत नाचत होती. सहाशे लोक हसत होते. मला फार बरं वाटलं.

"शिलाई पक्की आहे, हे तू तिच्या आईला का नाही सांगितलंस?" मी हळूच विचारलं.

मोठी आई स्टेजकडे बघत म्हणाली, "मला कुठे कोणी विचारलं?"