क्वार्टरबॅकची बहीण

नव्वदच्या दशकाच्या मधली ती वर्षं. आम्ही बहरीनला गुदैबियातल्या एका जुन्या तीन मजली इमारतीत राहत होतो. माझा नवरा अस्करच्या कारखानदारी भागात फॅब्रिकेशनचा फोरमन होता. तिथल्या कारखान्यांची छोटी कंत्राटं घेणारी एक कंपनी होती, तिच्यात. मुलगी चार वर्षांची. मी घरीच असायचे.

एका महिन्यात पगार उशिरा झाला. पुढच्या महिन्यात झालाच नाही. कंपनीच्या दोन भागीदारांत फाटलं होतं, एक देश सोडून गेला होता आणि मागे राहिलेला मॅनेजर रोज तेच सांगायचा, "इंशाल्ला, पुढच्या आठवड्यात." पासपोर्ट कंपनीच्या कपाटात, व्हिसा कंपनीचा. दुसरीकडे काम धरायचं तर रिलीजचं पत्र हवं, आणि ते द्यायलाही कोणी जागेवर नव्हतं. नवरा रोज सकाळी ऑफिसात जाऊन बसायचा आणि दुपारी परत यायचा.

आधी मटण बंद झालं, मग कोंबडी, मग फळं. खुब्ज, म्हणजे तिथले नान, स्वस्त होते, समोरच्या भट्टीतून गरम मिळायचे. चिपळूणहून येताना आणलेलं कुळथाचं पीठ मी जपून जपून वापरत होते. पिठी आणि खुब्ज, खुब्ज आणि पिठी. नवरा म्हणायचा, "अगं, छान लागतंय." रोज म्हणायचा, म्हणून मला रडू यायचं.

एका संध्याकाळी दार उघडलं तर कडीला पिशवी लटकलेली. आत तांदूळ, तूरडाळ, तेलाची बाटली आणि एक अख्खी कोंबडी. मुलगी उड्या मारायला लागली. मला मात्र कानशिलं तापल्यासारखं झालं. पिशवी कोणाची ते कळायला वेळ लागला नाही. तिच्यावर खालच्या कोल्ड स्टोअरचं नाव होतं. तिकडे वाण्याच्या दुकानाला कोल्ड स्टोअर म्हणतात. हे दुकान दापोलीकडच्या एका मुसलमान चाचांचं होतं. साठीचे, पांढरी दाढी, आमच्याशी कोकणी ढंगानं बोलायचे आणि मला कायम 'भैनी' म्हणायचे.

मी पिशवी उचलली, खाली गेले आणि त्यांच्या काउंटरवर ठेवली.

"चाचा, ही चुकून आमच्या दाराला लागली."

"चुकून नाय लागली, भैनी."

"आम्हाला नको. आमचं भागतंय."

चाचांनी माझ्याकडे पाहिलं, पण वाद घातला नाही. "ठेवा तर," एवढंच म्हणाले आणि वजनकाटा पुसायला लागले. त्यांना लागलं होतं. मला ते दिसलं, तरी मी वळले. दुकानात तेव्हा आणखी एकच गिऱ्हाईक होतं, आमच्या वरच्या मजल्यावरची अमेरिकन बाई. हातात दुधाचा डबा धरून ती बाजूला उभी होती.

घरी आल्यावर मुलीनं विचारलं, "आई, कोंबडी परत का दिली?" मी पिठी ढवळायला घेतली. नवरा बाल्कनीत होता. जेवताना तो पहिल्यांदाच 'छान लागतंय' म्हणाला नाही.

चिपळूणला आम्ही रेशनच्या दुकानापुढे तासन्‌तास उभे राहायचो. मला कधी लाज वाटली नव्हती, कारण रांगेत अख्खी आळी असायची. इथे मला वाटत होतं की रांगेत मी एकटीच आहे.

दोन दिवसांनी वरची बाई दारात आली. ती एका खासगी शाळेत शिकवायची. इमारतीत सगळे तिला टीचरच म्हणायचे. उंच, काळीसावळी, केस बारीक कापलेले, हसली की जिन्यात घुमायचं. मला इंग्रजी समजायचं, पण बोलताना अडखळायचे, म्हणून ती माझ्याशी सावकाश बोलायची. ती म्हणाली, "शुक्रवारी सुट्टीच्या दुपारी माझ्याकडे शाळेतली चार-पाच माणसं येतात. आम्ही फुटबॉल बघतो. तू मासे तळतेस तेव्हा वास वर येतो आणि माझं पेपर तपासणं थांबतं. मी चनाद आणते. तू तळशील?"

चनाद म्हणजे आपली सुरमई. मला वाटलं, ही पण दयाच. मी नाही म्हणणार होते. पण ती पुढे म्हणाली, "मला स्वयंपाक येत नाही. मागच्या वेळी मी केलेलं खाऊन एकजण घरी गेला." ते ऐकून मला हसू आलं आणि मी हो म्हणून बसले.

शुक्रवारी तिच्या स्वयंपाकघरात मी सुरमई तळली, बटाटेवडे केले. बाहेर टीव्हीवर सामना चालू होता. सामना जुना होता. तिचा भाऊ अमेरिकेत टेप करून टपालानं पाठवायचा, म्हणून निकाल ठाऊक असूनही सगळे ओरडत होते. मी ताटली घेऊन गेले आणि तिथेच उभी राहिले. फुटबॉल म्हणत होते, पण पाय क्वचितच लागत होता. अंड्यासारखा चेंडू, डोक्यावर शिरस्त्राणं, आणि दर वेळी सगळी माणसं एकमेकांवर कोसळायची.

"हा कोण?" मी विचारलं. सगळे ज्याच्या अंगावर धावून जात होते त्याच्याकडे बोट दाखवलं.

"क्वार्टरबॅक," टीचर म्हणाली. "चेंडू आधी त्याच्या हातात येतो. मग दोन-तीन सेकंदांत त्यानं ठरवायचं, कोणाला द्यायचा."

"म्हणजे पंगतीतला वाढपी," मी म्हटलं. मग पंगत म्हणजे काय, वाढपी म्हणजे काय हे मोडक्या इंग्रजीत सांगताना माझी तारांबळ उडाली. पण तिला कळलं. ती इतकी हसली की टेप थांबवावी लागली.

सगळे गेल्यावर मी भांडी घासत होते. ती पुसायला उभी राहिली. म्हणाली, "माझा भाऊ क्वार्टरबॅक होता. शाळेत."

तिनं सांगितलं ते असं. वडील लवकर गेले. आई एका इस्पितळात कपडे धुवायची. दोन मुलांना पुरेल एवढं मिळायचं नाही. तिथलं सरकार गरिबांना किराण्यासाठी कुपनांचं पुस्तक द्यायचं. आई दुकानात रांग संपेपर्यंत आतच फिरत राहायची, म्हणजे कुपनं देताना मागे कोणी नसावं. भाऊ पंधराचा झाला, शाळेच्या संघाचा क्वार्टरबॅक झाला. सारं गाव त्याला ओळखायला लागलं. एका शनिवारी त्यानं आईच्या हातातून ते पुस्तक घेतलं आणि भरल्या रांगेत, सगळ्यांच्या पुढ्यात, एक एक कुपन फाडून दिलं. मग दुकानदारीण बाईला मोठ्यानं म्हणाला, "थँक यू, मॅडम."

"त्या दिवसानंतर आई रांग संपायची वाट बघत परत कधी थांबली नाही," टीचर म्हणाली.

"मग तो मोठा खेळाडू झाला?"

"नाही." तिनं ताटली ठेवली. "कॉलेजनं घेतला, पण कोच म्हणाला, तू पळतोस छान, तू चेंडू झेल. क्वार्टरबॅक दुसरा असेल. तेव्हा असंच होतं. काळ्या मुलानं पळावं, डोकं चालवायची जागा गोऱ्याची. शिवाय त्यांना उंच, खांबासारखा जागेवर उभा राहून फेकणारा माणूस हवा असायचा. माझा भाऊ बुटका, आणि पळता पळता फेकायचा."

"त्यानं ऐकलं?"

"आठवडाभर नाही म्हणाला. मग ऐकलं. कॉलेजात तीन वेळचं जेवण मिळत होतं."

आता तो भाऊ एका शाळेत कोच होता. दर टेपसोबत चिठ्ठी यायची. ती तिनं मला वाचून दाखवली: या वर्षी मोठ्या संघांत आणखी दोन क्वार्टरबॅक आले आहेत, दोघेही आपल्यासारखे काळे, आणि कोच लोक आता पळणाऱ्याला ओरडत नाहीत, त्याच्यासाठी नवे डाव आखतात. त्यातल्या नावांखाली त्यानं रेघा मारल्या होत्या. चिठ्ठीत स्वतःबद्दल एक अक्षर नव्हतं.

"त्याला वाईट नाही वाटत?"

"वाटतं ना. पण टेप पाठवताना माझ्यापेक्षा तोच जास्त खूश असतो." मग तिनं फडकं बाजूला ठेवलं. "मी त्या दिवशी दुकानात होते. तुमची भाषा मला कळली नाही. पिशवी कळली."

मी नळ बंद केला. तिनं उरलेले मासे डब्यात भरून दिले. ते मी घेतले.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी मुलीला घेऊन खाली गेले. दुकानात तीन-चार गिऱ्हाइकं होती. त्यांतली एक आमच्या शेजारची. मनात आलं, सगळे जाऊ देत. मग म्हटलं, नको, आत्ताच.

"चाचा, ती पिशवी आहे का अजून?"

चाचांनी वर पाहिलं. "तांदूळ हाय, डाळ हाय. कोंबडी माझ्या पोटात गेली."

"मग दुसरी द्या."

चाचा जे हसले ते अजून माझ्या डोळ्यांपुढे आहे. स्वतः उठून फ्रीजरपाशी गेले, दोनदा उचलून बघून कोंबडी निवडली. मी म्हटलं, "चाचा, मी चुकले. तुमचे फार उपकार आहेत." ते म्हणाले, "उपकार कसले गो? मी ह्या मुलखात आलो तवा पयलं वरीस बाजारातल्या बाब दरवाज्याच्या मागं एका सिंधी शेटच्या घरात जेवलो. तो काय माझा मामा होता?"

त्या दिवशी घरात कोंबडीचा रस्सा झाला. जेवता जेवता नवऱ्यानं मुलीच्या ताटात एक तुकडा वाढला. मग म्हणाला, "अगं, आपल्याला चाचा आहेत. कॅम्पातल्या पोरांना कोणी नाही." कॅम्प म्हणजे कंपनीच्या मजुरांची राहायची जागा, अस्करच्या अलीकडे. तिथे त्याचे वेल्डर, फिटर मिळून अठरा माणसं होती. गोरखपूरची, आंध्रची, केरळची. ती नुसता भात आणि मीठ-मिरची खात होती. हे त्यानं मला तोवर सांगितलंच नव्हतं.

मी वर जाऊन टीचरला सांगितलं. खाली जाऊन चाचांना सांगितलं. पुढच्या शुक्रवारी टीचरच्या घरी दोन मोठी पातेली चढली. सामना बघायला येणाऱ्यांनी प्रत्येकी काही ना काही आणलं होतं: कोणी डाळ, कोणी अंडी, एकानं संत्र्यांची पेटी. चाचांनी तांदूळ दिला आणि पिकअपही. टेप लावून ठेवली होती, पण निम्मे लोक स्वयंपाकघरात कांदे चिरत होते आणि तिथूनच ओरडून विचारत होते, "फेकला का? पळाला का?" मी डाळीला फोडणी देता देता सांगत होते, "पळाला!" तेवढं मला आता कळायला लागलं होतं.

असे अकरा शुक्रवार गेले. पहिल्या वेळी कॅम्पातली माणसं ताटं घेऊन मान खाली घालून उभी राहिली. नवरा प्रत्येकाला नावानं हाक मारून वाढत होता. तिसऱ्या-चौथ्या खेपेला ती पिकअप वळणावर दिसली की पातेली उतरवायला धावत यायची.

मधल्या काळात नवऱ्यानं आणि कॅम्पातल्या माणसांनी मिळून मजूर खात्यात तक्रार केली होती. खेटे घालून घालून अखेर निकाल लागला. मागच्या पगारातला बराचसा भाग मिळाला, ज्यांना जायचं होतं त्यांना तिकिटं, ज्यांना राहायचं होतं त्यांना रिलीज. नवऱ्याला दुसऱ्या कंपनीत काम मिळालं, पहिल्यापेक्षा बरं.

त्याच आठवड्यात कॅम्पातून निरोप आला: या शुक्रवारी काही आणू नका, फक्त या. आम्ही गेलो. त्यांनी जमिनीवर धुतलेल्या चादरी अंथरल्या होत्या. एकच खुर्ची होती, ती टीचरसाठी. ती खुर्चीवर बसेना, चाचांना बसवून स्वतः खाली मांडी घालून बसली. गोरखपूरच्या म्हाताऱ्या वेल्डरनं लिट्ट्या, म्हणजे सातू भरलेले कणकेचे गोळे, भाजल्या होत्या, सोबत वांग्याचं भरीत. आम्ही जेवल्याशिवाय त्यांच्यातला एकही बसायला तयार नव्हता. टीचरनं आणखी एक लिट्टी मागितली तेव्हा तो म्हातारा जवळजवळ पळतच गेला.

टीचर दोन वर्षांनी करार संपवून गेली. आम्ही पुढे सात वर्षं राहिलो. चाचांचं दुकान आता त्यांचा पुतण्या चालवतो, असं ऐकते. टीचरची पत्रं काही वर्षं येत राहिली. एका पत्रात तिनं लिहिलं होतं की भावाच्या शाळेचा नवा क्वार्टरबॅक खूप बुटका आहे, आणि सरावाच्या दिवशी भाऊ सगळ्या संघाला आधी नाश्ता देतो, मग मैदानावर नेतो. त्या पोरांना अमेरिकेत कोणी बटाटेवडे करून घालणार नव्हतं, म्हणून मी कृती लिहून पाठवली. इंग्रजी तपासून दिलं तोवर मोठ्या झालेल्या माझ्या मुलीनं.