मोज्यांचा जादा जोड

माझे आप्पा पायदळातून सुभेदार म्हणून निवृत्त झाले, त्यामुळे शिस्तीचे डोस मला लहानपणीच पुरेसे मिळाले होते. सातारा जिल्ह्यातल्या आमच्या घरात पांघरुणांच्या घड्यासुद्धा कडेला कड लावून घालाव्या लागत. पुढे लग्न होऊन मी नवऱ्याच्या नोकरीमागून टोकियोला आले आणि ओजिमाच्या सरकारी वसाहतीत सातव्या मजल्यावर संसार थाटला. सोळा वर्षांनी माझ्याकडे इंग्रजी शिकायला कोण यावा, तर एक फौजी. म्हटलं, घ्या, इथेही सुटका नाही.

दर शनिवारी सकाळी फुनाबोरीत एक खोली तासावर घेऊन मी शिकवते. सायकलने जाते. माझे विद्यार्थी म्हणजे एक दातांचे डॉक्टर, परदेशातल्या नातवाशी बोलायला धडपडणाऱ्या एक आजी, असे एकेकटे येणारे. हे फौजी गृहस्थ त्रेपन्न वर्षांचे, पाठ ताठ, टेबलावर टोक केलेल्या तीन पेन्सिली ओळीत मांडून बसणारे. मी त्यांच्याहून लहान, तरी मला ‘सेन्सेइ’ म्हणत, म्हणजे बाई. इथे सैन्याला सैन्य म्हणायची पद्धत नाही, संरक्षण दल म्हणतात. त्यात ते आपल्याकडच्या सुभेदाराच्या तोडीचे होते. उमेदीची सगळी वर्षं उत्तरेत, बर्फात, रणगाड्यांवर गेलेली. नव्या भरतीला शिकवण्यातही त्यांची हयात गेली होती.

त्यांना इंग्रजी का हवं होतं ते त्यांनी पहिल्याच दिवशी टेबलावर समजावून सांगितलं. पेन्सिलीचा डबा वर ठेवला, ती उत्तर. खोडरबराचे तुकडे खाली, ती दक्षिणेकडची बेटं. इतकी वर्षं त्यांच्या दलाचं सगळं लक्ष डब्याकडे होतं. शत्रू आला तर तिथून येणार, म्हणून रणगाडे तिथे, माणसं तिथे, पुस्तकंही त्याच हिशोबाने लिहिलेली. आता नजर खोडरबराकडे वळली होती. रणगाडे कमी झाले, मोठ्या तुकड्या मोडून चटकन हलणाऱ्या छोट्या तुकड्या बांधल्या गेल्या. त्यांची स्वतःची तुकडीही मोडली. निरोपाच्या दिवशी त्यांनी आपला रणगाडा स्वतः धुतला, हे सांगताना ते खोडरबराकडेच बघत होते. मला वाईट वाटलं, मी चहा ओतला.

नकाशा बदलणं सोपं, माणसं बदलणं कठीण, असं त्यांचं म्हणणं. देशात मुलंच कमी, त्यात या नोकरीकडे वळणारी आणखी कमी. आलेल्या पोरापोरींवर जुन्या पद्धतीने नुसतं ओरडलं तर ती चालती होतात. आणि बेटावर दहा जणांची तुकडी एकटी पडली, तर वरचा हुकूम येईपर्यंत थांबून चालणार नाही. तिथे सगळ्यांत खालच्या माणसालाही बोलता यायला हवं. म्हणून निवृत्तीआधी त्यांच्यावर शेवटचं काम सोपवलं होतं: सरावानंतरच्या बैठकीची नवी पद्धत लिहून काढणं. ती पद्धत त्यांना परदेशी सैनिकांसमोर दहा मिनिटांत इंग्रजीत मांडायची होती. तिथे बसलेल्या वरिष्ठांना ती पटली तर प्रशिक्षणाच्या पुस्तकात जाणार, नाहीतर जुनीच चालू राहणार.

जुनी पद्धत मला चांगलीच ठाऊक होती. तिला हानसेइकाई म्हणतात, आत्मपरीक्षणाची बैठक. इथे शाळेत, कचेरीत, कुठेही काही पार पडलं की सगळे गोल करून बसतात आणि एकेक जण आपलं काय चुकलं ते सांगतो. ऐकायला किती छान वाटतं. माझ्या मुलीच्या शाळेत क्रीडादिनाच्या सतरंज्या भिजल्या, तेव्हाची बैठक मी विसरणार नाही. आठ आयांनी आळीपाळीने माफी मागितली. एकीने छत्री कमी आणली म्हणून, एकीने आकाशाकडे लक्ष दिलं नाही म्हणून. माझी पाळी आली तेव्हा मी सरळ म्हटलं की सतरंज्या आदल्या संध्याकाळीच बाहेर मांडायचं अध्यक्षबाईंनी ठरवलं होतं, मग आपण सगळ्या कशाची माफी मागतोय? पुढे महिनाभर मला कुणाचा फोन आला नाही.

हा किस्सा मी सांगितला आणि ते पहिल्यांदा मोकळेपणाने हसले. म्हणाले, आमच्या बैठकीत अगदी असंच होतं. प्रत्येक जण इतकी माफी मागतो की खरी चूक त्या माफीखाली गाडली जाते. त्यांची नवी पद्धत साधी होती. बसताना हुद्दा बाजूला ठेवायचा. माफी कुणी मागायची नाही. आपण काय ठरवलं आणि तेव्हा आपल्याला काय माहीत होतं, ते सगळ्यांत वरच्याने आधी सांगायचं. मग खालच्यांनी.

भाषणाचा पहिला कच्चा मजकूर त्यांनी आणला तो चार पानी. त्यात मधोमध एक हकिगत होती: उत्तरेतला हिवाळी सराव, त्यांचा ड्रायव्हर, आणि त्या ड्रायव्हरची गोठून गेलेली पायाची बोटं. मी वाचली आणि लाल पेनाने आडवी रेघ मारली. दहा मिनिटांत बसणार नाही, शिवाय परक्यांपुढे स्वतःची उणी बाजू कशाला दाखवायची, असं मी म्हणाले. तिच्या जागी मी एक सुबक वाक्य घातलं, ‘हिवाळी सरावातून आम्ही ऐकून घेण्याचं महत्त्व शिकलो.’ त्यांनी मान लवून आभार मानले. सतरंज्यांच्या बैठकीत तोंड उघडणारी मी, सोळा वर्षांत इतकी इथली झाले होते, आणि मला त्याचा पत्ताही नव्हता.

त्याच सुमारास आप्पा तीन महिन्यांसाठी आमच्याकडे आले. वय सत्त्याहत्तर, पण पाठ तशीच. इथलं त्यांना सगळ्यांत काय आवडलं असेल, तर कचऱ्याचं वेळापत्रक. जळणारा कचरा कधी, बाटल्या कधी, याचा तक्ता त्यांनी दोन दिवसांत पाठ केला आणि माझ्या नवऱ्याला बाटलीचं झाकण वेगळं काढलं नाही म्हणून धारेवर धरलं. घरात बसून कंटाळतील म्हणून एका शनिवारी मी त्यांना फुनाबोरीला घेऊन गेले. म्हटलं, भाषणाची तालीम आहे, ऐकायला एक फौजी मिळेल.

दोघांची ओळख करून द्यावी लागली नाही. ते आत आले, आप्पा उठून उभे राहिले, दोघेही क्षणभर तसेच ताठ. मग आप्पांनी त्यांना ‘उस्ताद’ म्हणून हाक मारली. आपल्या फौजेत शिकवणाऱ्याला उस्ताद म्हणतात, हे मी जपानीत सांगितलं, तसे त्यांचे कान लाल झाले. आपल्या फौजेतही अशी उलथापालथ होतेच, जुन्या तुकड्या मोडतात, नवी यंत्रं येतात, आणि म्हाताऱ्या उस्तादाला नव्या पोराकडून यंत्र शिकावं लागतं, असं आप्पा म्हणाले. ते मी इकडे पोचवलं. दोघांनी माना हलवल्या.

मग उस्तादांनी भाषण म्हटलं. सुरेख झालं. उच्चार स्वच्छ, थांबे जागच्या जागी, नऊ मिनिटं चाळीस सेकंद. मी मनातल्या मनात स्वतःची पाठ थोपटत होते. आप्पांना कामापुरतं इंग्रजी कळतं. ते खिडकीकडे बघत बसले होते. थोड्या वेळाने मला म्हणाले, “ऐकायचं महत्त्व शिकलो म्हणतायत. काय ऐकलं नव्हतं, ते विचार की.”

मी विचारलं. उस्ताद उभेच होते. हातातला कागद त्यांनी खाली ठेवला आणि जपानीत बोलू लागले. मी वाक्यावाक्याने मराठी करत गेले.

हिवाळी सराव होता. रणगाडे झाडीत दडवलेले. पुस्तकात लिहिलं होतं की इंजिन बंद ठेवायचं, म्हणजे आवाज नाही, धूर नाही. हुकूम यांचा. दुसऱ्या दिवशी दुपारी ड्रायव्हरने सांगितलं की पाय बधिर होतायत, दहा मिनिटं इंजिन चालू करू का? यांनी सांगितलं, थोडं सोस. तासाभराने त्याने पुन्हा विचारलं. यांनी पुन्हा तेच सांगितलं. सराव संपला तेव्हा त्याला उचलून बाहेर काढावं लागलं. डाव्या पायाची दोन बोटं गेली.

बैठक महिन्याने झाली. ड्रायव्हर कुबड्या घेऊन आला आणि सगळ्यांत आधी उभा राहिला. मी मोजे वेळेवर बदलले नाहीत, म्हणाला, माझ्यामुळे सगळ्यांना त्रास झाला, क्षमा करा. त्यामागोमाग कुणी मोजे तपासले नाहीत म्हणून माफी मागितली, कुणी आठवण केली नाही म्हणून. यांनीही मागितली, देखरेख कमी पडली म्हणून. इंजिनाबद्दल कुणी चकार शब्द काढला नाही. अहवालात मोज्यांची काळजी घ्यावी असं लिहिलं गेलं. पुढच्या हिवाळ्यात प्रत्येकाला मोज्यांचा एक जादा जोड मिळाला, आणि इंजिन बंद ठेवायचा हुकूम तसाच राहिला.

शेवटचं वाक्य मी मराठीत सांगितलं. आप्पा अगदी हळू आवाजात म्हणाले, “उस्ताद, त्या ड्रायव्हरला हे सांगितलंत का?”

याचं जपानी करायची गरज नव्हती असं मला वाटलं, पण मी केलं. ते खाली बसले. त्यांनी तिन्ही पेन्सिली उचलून खिशात टाकल्या, एरवी डब्यात ठेवत. नाही, म्हणाले. ड्रायव्हरने नोकरी सोडली होती, उत्तरेतच एका गावात शेतीची यंत्रं दुरुस्त करत होता. दर नव्या वर्षी एकमेकांना शुभेच्छांचं कार्ड जात होतं. कार्डात हवामान असे.

परत येताना आप्पांना चालायचं होतं, म्हणून मी सायकल हातात धरून चालले. मला स्वतःचा राग आला होता. त्या माणसाने इतक्या वर्षांनी ते कागदावर उतरवलं आणि मी ते तीस सेकंदांत कापलं. मी आप्पांना सांगितलं की ती हकिगत आधी भाषणात होती, काढायचं मी ठरवलं. ते म्हणाले, “हे मला काय सांगतेस, त्यांना सांग.” त्यात ओरडा नव्हता. लहानपणी असता तर नक्की असता.

पुढच्या शनिवारी उस्तादांनी वर्ग रद्द केला. एवढ्या महिन्यांत पहिल्यांदा. वाटलं, दुखावले, आता येणार नाहीत, आणि भाषणाला तर तीनच आठवडे राहिलेत.

त्यानंतरच्या शनिवारी मात्र ते ठरल्या वेळेला दारात उभे होते, हातात उत्तरेकडच्या बिस्किटांचा पुडा. आप्पांसाठी, म्हणाले. मी त्यांना बसूही दिलं नाही. म्हटलं, तुमच्या चार पानांतली हकिगत मी कापली, तेव्हा मला एवढंच माहीत होतं की दहा मिनिटं आहेत, आणि ती मांडायला तुम्हाला काय लागलं असेल ते मी विचारलं नाही. जिभेच्या टोकावर माफी आली होती, ती गिळली. त्यांनी ऐकलं आणि मान लवली नाही. नुसतं म्हणाले, “समजलं.” मला इतकं मोकळं वाटलं की डोळे भरून आले.

मग त्यांनी सांगितलं. ते विमानाने उत्तरेला गेले होते. ड्रायव्हर आता पन्नाशीला आलेला, हात तेलाने काळे. त्याच्या बायकोने चहा दिला. यांनी पाठ करून नेलं होतं तसं सांगितलं, की इंजिन बंद ठेवायचा हुकूम माझा होता, तुझे पाय बधिर होतायत हे मला माहीत होतं, मोज्यांचा काही संबंध नव्हता. आणि झालं काय, तर ड्रायव्हरने ताबडतोब चटईवर हात टेकून डोकं खाली घातलं आणि म्हणाला, छे छे, मीच मोजे बदलायला हवे होते. सवयीने यांचंही डोकं खाली गेलं. दोन म्हातारे होऊ घातलेले फौजी एकमेकांपुढे वाकून बसलेले, आणि बायको किटली घेऊन उभी. हे सांगताना ते हसले, मीही हसले.

मग बायको नवऱ्याकडे बघत बोलली. आमच्या दोन मुली लहानपणापासून यांच्या मोज्यांच्या धाकात वाढल्या, म्हणाली. हिवाळ्यात रोज दोनदा मोजे तपासायचे, ओले सापडले की आकांडतांडव करायचे. आपण आळशी म्हणून आपली बोटं गेली, असं मुलींना सांगायचे.

चहा गार झाला. आणि मग ड्रायव्हर मान वर न करता, स्वतःशीच म्हणावं तसं म्हणाला, “मी दोनदा सांगितलं होतं.”

“हो,” हे म्हणाले. “दोनदा.”

एवढं सांगून त्यांनी खिशातून तिन्ही पेन्सिली काढल्या, टेबलावर ओळीत मांडल्या आणि भाषणाचा कागद माझ्यापुढे सरकवला. मला लाल पेन काढावं लागलं नाही. ऐकून घेण्याच्या महत्त्वाचं माझं सुबक वाक्य त्यांनी आधीच खोडलं होतं. सुरुवातही नवीन होती. परदेशी पाहुण्यांना नमस्कार आणि हवामानाची चौकशी, दोन्ही गेलं होतं. वर सगळ्यांत आधी त्यांच्या स्वच्छ, ताठ अक्षरात लिहिलं होतं: ‘माझ्या ड्रायव्हरने मला दोनदा सांगितलं होतं.’