लाडकीचं राहिलेलं लग्न

डहाणूच्या कचेरीबाहेर चिंचेखाली बसून मी तेवीस वर्षं लोकांचे अर्ज लिहिले. अक्षर चांगलं, कायदा बेताचा आणि स्वतःच्या हुशारीवर भरवसा मात्र दांडगा. त्या भरवशाने लाडकीचं वाटोळं केलं, हे आधीच सांगून टाकतो.

लाडकी तलासरीकडची वारलीण. सत्तावन्नच्या थंडीत तिचा सुकऱ्या गवताच्या ट्रकवर हमाल म्हणून गेला. आमच्याकडे दिवाळीनंतर गवताच्या गाठी मुंबईला जातात. हमालांनी बसायचं ते गाठींच्या वर, दोरखंड धरून. आत ड्रायव्हरशेजारी मुकादम. नाल्याच्या वळणावर ट्रक कलंडला. मुकादमाच्या कपाळाला खोक पडली. सुकऱ्या कुठे उडाला ते कुणी पाहिलंच नाही. दुपारी दुसरा ट्रक आला, गाठी त्यावर चढवल्या, तेव्हा खाली तो सापडला.

लाडकी दोन दिवस चालत माझ्याकडे आली. पोरं दोन झाली, एकही जगलं नव्हतं. सासूसासरे गेलेले, जमीन नाही. भरपाई मिळाली तर दोन बकऱ्या घेऊन गावात राहायचं, नाहीतर पोटासाठी गाव सोडायचं, एवढाच तिचा हिशेब होता. मी काही विचारलं नाही. 'मयताची विधवा' असं झोकात लिहून मोकळा झालो. नऊ वर्षं एका चुलीवर जेवलेली बाई, तिला आणखी काय विचारायचं? वर शहाणपणाही शिकवला, की सुनावणीला भरपाईचे साहेब विचारतील त्याचं खरं उत्तर दे, घाबरू नकोस.

सुनावणीला आलेला गवताच्या व्यापाऱ्याचा वकील इथलाच, वारल्यांचे रिवाज कोळून प्यालेला. ट्रकबद्दल त्याने चकार शब्द काढला नाही. गोड आवाजात म्हणाला, "बाय, तुझ्या लग्नाला धवलेरी कोण होती?" धवलेरी म्हणजे वारल्यांचं लग्न लावणारी बाई. तिच्यावाचून लग्न नाही.

"लगीन नांय झाला," लाडकी म्हणाली.

तिला लाज वाटायचं कारणच नव्हतं. त्यांच्यात दोघं आधी घर करतात, पोरंबाळं होतात, आणि तांदूळ-ताडी जमली की सवडीने लग्न लावतात. मला हे ठाऊक नव्हतं असं नाही. अर्ज लिहिताना आठवलं नाही, कारण माझ्या घरात तसं होत नाही.

"नऊ वर्षांत का नाही केलं?" साहेबांनी विचारलं.

"त्याचा बापूस लग्नगडी होता. लग्नाला शेटकडून पैसं घेतलं, नि मरंपर्यंत शेटच्या वाडीत राबला. हा सांगं, मी मजुरी करीन, पैसं साठवीन, मंग लगीन. कर्ज नांय काढनार."

साहेबांनी टाक खाली ठेवला, जरा वेळ तिच्याकडे पाहिलं आणि पुन्हा उचलला. अर्जदार मयताची पत्नी नाही, सबब अर्ज नामंजूर. वकील माझ्याकडे बघून हसला. त्याला दोन द्याव्यात असं वाटलं, पण उद्या त्याच्याच अशिलांचे अर्ज लिहायचे होते.

बाहेर आल्यावर माझा तोल गेला. राग स्वतःचाच, काढला तिच्यावर. "लग्न झालं म्हटलं असतंस तर तुझं काय जात होतं? आणि त्यानेही एकदाचं कर्ज काढून लग्न उरकलं असतं, तर आज तुला पैसे मिळाले असते."

ती रडली नाही. लहान पोराला समजावावं तशी सावकाश बोलली.

"त्यानं कर्ज काढला असता, तं शेटच्या वाडीत गडी रेला असता, भाऊ. ट्रकवर कशाला गेला असता? जिता असता."