दोरीचं दुसरं टोक

दिगंबर गेल्याची खबर पूर्ण्याहून आलेल्या एका रेल्वे मजुराने आणली. "तापात गेला. तीन दिवस झाले," म्हणाला आणि माझ्याकडे बघत राहिला. मी हातातला ब्रश खाली ठेवलाच नाही... दुकानाच्या पाटीवरचं अर्धं अक्षर पुरं करत बसलो. महिना झाला, त्या अक्षराची लाज जात नाही.

मानवतला एका खोलीत आम्ही दोघा रंगाऱ्यांनी नऊ वर्षं काढली. चूल एक, कंदील एक, भांडणं दिवसाला तीन. पिठलं खारट झालं म्हणून त्याने एकदा तवा अंगणात भिरकावला होता. पण नाटकाचे पडदे एकट्याने होत नसत. काव लावलेली दोरी कापडावर आडवी ताणायची, एक टोक त्याच्याकडे, एक माझ्याकडे, मधून उचलून सोडली की लाल रेघ उमटायची. त्या रेघेवर तो उजवीकडून, मी डावीकडून रंगवत मध्यावर भेटायचो. "ताण की, मुडद्या! जेवला न्हाईस का?" हे त्याचं ठरलेलं.

शेवटच्या पडद्यावर नदी होती. काम सुरू व्हायच्या आदल्या दिवशी नाटकमंडळीच्या मालकांनी जुन्या पडद्यावरच्या त्याच्या पाण्याची लय तारीफ केली, माझं नावही घेतलं नाही. मी जळलो. सकाळी तो दोरी घेऊन आला तर म्हणालो, "मला न्हाई लागत दोरी. मी नजरेनं काढतो." मग तोही पेटला. दोन दिवस आम्ही एकमेकांकडे पाठ करून रंगवलं. मध्यावर आलो तर माझी नदी त्याच्या नदीपेक्षा चार बोटं वर! दुरुस्तीला वेळ नव्हता. तहसिलीतून नाटकाचा परवाना एकाच दिवसाचा मिळाला होता.

पडदा सुटला आणि मांडव हसला. "नदीला पायरी हाय गड्या!" मालक लालबुंद होऊन आत आले. "कुणाचं काम हे?"

"चूक माही हाय, मालक," दिगंबर म्हणाला. आणि मी... मी गप्प बसलो.

त्याला काढलं. पूर्ण्याला आगगाडीच्या डब्यांवर नंबर रंगवायचं काम त्याने धरलं. दोनदा निरोप आला, "दोरी घेऊन ये. मिळून पडदा नीट करू." पूर्णा काय लांब आहे? पण कोणत्या तोंडाने जाऊ? नाही गेलो. मालकांना खरं सांगितलं ते परवा. "आता सांगून काय?" म्हणाले.

काल मालकांकडून तो पडदा मागून आणला. दोरीचं एक टोक भिंतीतल्या खिळ्याला बांधलं, दुसरं मी ताणलं. रेघ अगदी सरळ आली. तरी मी हात तसाच धरून थांबलो... खिळा मला एकदाही 'मुडद्या' म्हणाला नाही.