शेवटचा डाव

लोकरीच्या शालीवर इस्त्री फिरवताना वास आला की मला अजून देवळालीचा क्लब आठवतो. १९३५च्या आसपासची गोष्ट. माझे वडील, दादा, तिथे साहेब लोकांना स्नूकर शिकवायचे, जोडीदार नसला तर त्यांच्याशी खेळायचेही. नजर अधू झाली आणि नोकरी संपली. निरोपाचा एक डाव खेळू, असं मोठ्या साहेबाने कबूल केलं होतं.

दादांनी टेबलाचं हिरवं लोकरी कापड झाडलं, त्यावर एकाच दिशेने इस्त्री फिरवली, चेंडू मांडले. आम्ही वाट पाहत बसलो. साहेब आलाच नाही.

"दादा, तुम्हीच खेळा ना."

"एकट्याने? आपण मेंबर आहोत का, मने?"

दिवेलागणीला त्यांनी टेबलावर चादर ओढली. मला भूक लागली होती, त्यामुळे निघालो ते बरंच वाटलं. वाटेत त्यांनी तो न झालेला डाव मला सांगितला, साहेबाच्या फटक्यांसकट.

"मग जिंकलं कोण?"

"साहेब. दुसरं कोण?"

तेव्हा मला वाटलं, दादांना खेळ बेताचाच येत असावा.