माळावरच्या शाळेतली चुकीची सुनंदा

म्हसळ्याजवळच्या आत्याकडे जायचं मी चार वर्षं टाळत होतो, कारण तिला शाळेत कोंडणारा मीच. साथीच्या पहिल्या उन्हाळ्यात तिच्या गावात तपासणी झाली, तेव्हा तिने आणि शेजारणीने, दोघींनीही माझाच मोबाईल नंबर दिला होता. ‘सुनंदा, पॉझिटिव्ह’ असा निरोप आला, मी लगेच सरपंचांना कळवलं आणि त्यांनी आत्याला चौदा दिवस गावच्या शाळेत ठेवलं. जुना मोबाईल साफ करताना परवा त्या निरोपातलं वय दिसलं: चौतीस. आत्या साठीची. शेजारणीचं नाव आणि आडनावही तेच. माफी मागायला निघालो.

आगरदांड्याहून दिघीला गाडीसकट फेरीबोटीने गेलो. सुट्टीत जाणार असाल तर सकाळीच पोहोचा, रांग लांब असते. पुढचा घाटरस्ता बरा आहे, पण खायचं बरोबर ठेवा.

आत्याने जेवायला वाढलं आणि मग शाळा दाखवायला नेलं. शाळेच्या जागेला आजही ‘प्लेगचा माळ’ म्हणतात. प्लेगात अख्खं गाव घरं सोडून इथे झोपड्यांत राहिलं होतं. आत्या म्हणाली, “तवा गाव माळावर नि उंदीर घरात. माझ्या येळी मी माळावर नि रोग घरात.”

म्हणजे तिला ठाऊक होतं. तिसऱ्याच दिवशी शेजारची सुनंदा डबा घेऊन खिडकीशी रडत आली होती. भाजलेल्या सुक्या बोंबलाचा वास तिला येत नव्हता. घरी अंगावर पिणारी लेक होती. आत्याने तिला घरात बसायला, तोंड बांधून लेकीला पाजायला आणि कुणाला काही न सांगायला बजावलं.

“गावाला एक रोगी मिळालावता,” आत्या म्हणाली, “गाव खूश होतं. दुसरा कशाला द्यायचा?”

उरलेले अकरा दिवस ठणठणीत आत्या फळ्यासमोर झोपली. गावकरी लांबून तिची तब्येत विचारत आणि ती आठवणीने खोकत असे. शेजारणीच्या घराकडे कुणी बघितलंही नाही. सुदैवाने आणखी कुणाला लागण झाली नाही.

निघताना शेजारची सुनंदा गाडीपाशी आली आणि वय न वाचल्याबद्दल तिने माझे आभार मानले. माफी न मागताच मी गाडी सुरू केली.

घरी येऊन आठवडा झाला. बोटीचे फोटो सगळ्यांना दाखवले, शाळेचा एकही काढला नव्हता. वय नीट वाचलं असतं, तरी मी सरपंचांना फोन केलाच असता, फक्त शेजारणीबद्दल. आणि तो फोन बरोबर ठरला असता.