जोडलेली सोळा पानं

दिवाळी अंकांची नावं पुष्पाकाकूंना कधी पाठ झाली नाहीत. त्या अंक ओळखतात मुखपृष्ठावरून. छत्रीवाला, मोरवाला, आरशात बघणाऱ्या बाईचा, आणि नुसता निळा. नावं संपादकांनी आपल्या हौसेनं ठेवलेली असतात, ती त्यांची त्यांना लखलाभ. पिशवीत हात घातला की नेमका हवा तो अंक हाताला लागला म्हणजे झालं.

शाळा म्हणाल तर चौथीपर्यंत. लग्न होऊन जबलपूरला आल्या तेव्हा यजमान, श्यामसुंदर, फॅक्टरीत नुकते चिकटले होते. अधारतालला दोन खोल्या, भाजीवाल्यापासून पोस्टमनपर्यंत सगळा कारभार हिंदीत. मराठी कानावर पडायचं ते दीक्षितपुऱ्यातल्या मंडळात. तिथं एक पद्धत होती, ती आजही आहे. दिवाळीला नागपूरहून वीस अंकांचा गठ्ठा येतो. मंडळाची घरं बावीस. एक अंक एका घरी दोन आठवडे राहायचा, मग पुढच्या घरी जायचा. दर खेपेला दोन घरं उपाशी, वीस जेवलेली. तिकडं पुण्यामुंबईत साहित्याचं वर्ष चकलीबरोबर संपत असेल, पण जबलपुरात ते पार गणपतीपर्यंत पुरवून पुरवून खातात.

हे अंक घरोघर फिरवायचं काम गेली एकोणीस वर्षं काकूंकडं. एक रविवार आड, खांद्याला दोन पिशव्या, ठरलेला ऑटो, दीक्षितपुरा, राइट टाउन, परत अधारताल. गुडघे कुरकुरतात. पण बाईला वर्षातले वीस-बावीस रविवार बावीस घरांतून चहा मिळतो, कोणाची सून रुसली, कोणाच्या नातवाचं जमलं, सगळं पहिल्या हाताचं कळतं. श्यामसुंदर म्हणायचे, तू साहित्याची सेवा नाही करून राहिली, गावभर हजेरी घेऊन राहिली. काकू म्हणायच्या, असंच समजा.

प्रत्येक अंकाच्या मागे एक कागद चिकटवलेला. अंक वाचून झाला की घरानं त्यावर शेरा लिहायचा आणि सही करायची. पहिलं घर लिहायचं "उत्तम". दुसरं लिहायचं "उत्तम, विशेषतः कथा". तिसऱ्यापासून खाली तेच, जसं आरतीत मागचे लोक शेवटचा शब्द तेवढा ओढतात.

यंदा घोळ झाला तो निळ्या अंकाचा. त्याच्या मधोमध एक लांबलचक कथा होती. कथेचं पहिलं पान मोकळं, शेवटचं मोकळं, आणि मधली सोळा पानं छापखान्यात वरच्या बाजूनं कापायचीच राहून गेलेली. सुरी फिरवल्याशिवाय ती उघडणार नाहीत. तो अंक तिसऱ्या खेपेला काकूंच्या घरी आला तेव्हा त्यांच्या हे लक्षात आलं. आणि या अंकाच्या वरच्या दोन्ही शेऱ्यांत कथेचीच स्तुती होती.

कोणी शहाणी बाई सुरी घेती आणि पानं मोकळी करती. काकूंना मात्र गंमत सुचली. म्हटलं, बघू तरी सुरी कोण आधी लावतं. त्यांनी आपलाही शेरा खाली लिहून टाकला, "उत्तम, विशेषतः कथा", आणि अंक पुढं सरकवला. मग दर पंधरवड्याला निळा अंक हातात आला की आधी वरची कड चाचपायच्या. डिसेंबर गेला, संक्रांत गेली, आंबे येऊन गेले. पानं जशीच्या तशी, अन् शेरे वाढून राहिलेले. काकूंची करमणूक चालली होती फुकटात.

श्रावणात मंडळाची वार्षिक सभा असते. हेमचंद्र यंदा सचिव झालेले. माणूस वाईट नाही, पण टापटिपीचा. केंद्र सरकारच्या कचेरीत तीस वर्षं काढली की माणूस घरच्या पोळीवरसुद्धा आवक क्रमांक शोधतो. त्यांच्या मनात होतं की ही अंक फिरवायची योजना बंद करावी, सगळं मोबाइलच्या ग्रुपवर टाकावं, ज्याला वाचायचं तो वाचेल. सभेआधी त्यांनी सगळे अंक तपासायला मागवले होते आणि निळा अंक नेमका त्यांच्या हाताला लागला.

सभेत त्यांनी तो वर धरला, अठरा शेरे एकामागून एक वाचून दाखवले, आणि मग अंगठ्यानं ती बंद पानं सगळ्यांना दाखवली. म्हणाले, अठरा घरांनी ही कथा वाखाणली, आणि एकाही घरानं ती वाचलेली नाही. हा पुरावा आहे. आपण वाचत नाही, फक्त पिशव्या फिरवतो. गणपतीनंतर नागपूरला नवी मागणी जाणार नाही, असा ठराव मी मांडतो.

अठरा घरं सतरंजीकडं बघत होती. काकूंनी तपासून परत आलेल्या अंकांच्या पिशव्या जवळ ओढल्या. आपण गंमत म्हणून ठेवलेली पानं आपल्याच रविवारांवर उलटली होती. ठराव पास झाला तर पिशव्या खुंटीला, आणि बावीस घरं वर्षातून एकदा हळदीकुंकवाला दिसायची. त्यातही निम्मी निरोप पाठवून मोकळी होणार.

आयुष्यात त्या सभेत कधी बोलल्या नव्हत्या. उभ्या राहिल्या.

"ते पानं मी नाही कापले," त्या म्हणाल्या. "मले तिसऱ्या घरीच कळलं होतं. शेराही मीच खोटा लिहिला. तुम्ही सगळे अडकले ते माझ्यामुळं, मजा बघून राहिली होती मी."

हेमचंद्र म्हणाले, मग तर प्रश्नच मिटला.

"नाही मिटला. तुम्ही शेरे पाहून राहिले, हेमचंद्रजी. शेरे तर लग्नाच्या जेवणासारखे असतात, कोणी वाईट म्हणतं का? पानं पाहा ना."

आणि त्यांनी पिशवी उपडी केली. मग जे सांगितलं ते त्या वर्षाच्या मराठी साहित्यावर कोणत्या प्राध्यापकानं सांगितलं नसेल. छत्रीवाल्या अंकातली सासू-सुनेची गोष्ट नऊ घरांत चहाच्या डागांसकट वाचली गेली होती, डाग मोजून घ्या म्हणाल्या. मोरवाल्यात छोट्या रेल्वेगाडीवर लेख होता. रामराव जन्मभर रेल्वेत, त्यांनी समासात पेन्सिलीनं लिहिलं होतं की लेखकानं ही गाडी आयुष्यात पाहिलेली नाही. पुढच्या घरानं त्याखाली लिहिलं, पाहिली असेल, तुम्ही तेव्हा डुलकी घेत असाल. त्याखाली रामरावांच्या बाजूनं तिसरं घर. चार पानं समासात नुसतं भांडण. रामराव मागून म्हणाले, डुलकीचं कोणी लिहिलं ते मले माहीत आहे, आणि सभा पहिल्यांदा हसली.

आरशातल्या बाईच्या अंकातली एक कविता ब्लेडनं कापून नेलेली होती. कोणी नेली ते मला ठाऊक आहे, काकू म्हणाल्या, सांगणार नाही, पण ती फ्रिजवर लावली आहे आणि त्या घरातल्या पोरीला धड मराठी वाचता येत नाही, ती एकेक अक्षर लावून म्हणते. राइट टाउनची चिन्मयी तेवढ्यात ओढणी सारखी करू लागली. आणि हो, दोन अंक असेही आहेत जे कोणीच उघडले नाहीत, नवे करकरीत आहेत, ते पुढच्या वर्षी मागवू नका. त्यात नुसतं थोरामोठ्यांनी एकमेकांना थोर म्हटलंय.

हेमचंद्रांनी चष्मा पुसला. म्हणाले, हे सगळं ठीक, पण अठरा खोट्या सह्या त्या सह्याच.

तेव्हा बायकांच्या बाजूनं त्यांचीच बायको क्षमा बोलली. आवाज न चढवता.

"सातवी सही वाचा जी. आपल्या घरची आहे. मी लिहून राहिली होती तर तुम्हीच म्हणाले, विशेषतः कथा लिही, चांगलं दिसते."

त्यानंतर सभा सभा राहिलीच नाही. जो तो आपापला खोटा शेरा कबूल करू लागला, जणू प्रसाद वाटून राहिले. हेमचंद्र स्वतःही हसले, कानाची पाळी लाल झाली होती ती सोडून. पण टापटिपीचा माणूस तो, असाच कसा सोडेल? त्यांनी आपला ठराव मागे घेतला आणि दुसरा लिहिला. अंक अठरा येतील. शेऱ्याचा कागद बंद. त्याऐवजी अंक परत देताना प्रत्येक घरानं पुष्पाकाकूंना तोंडी सांगायचं, कोणत्या पानापर्यंत वाचलं आणि तिथंच काहून थांबलो. हात वर झाले. काकूंनी दोन्ही वर केले, ते एकच मत धरलं गेलं.

नोव्हेंबरात गठ्ठा आला. पहिला पंधरवडा सरला आणि काकू राइट टाउनला हेमचंद्रांच्या दारात उभ्या राहिल्या. खाली ऑटो थांबलेला. अंक मागितला तर हेमचंद्र तो पाठीमागं धरून म्हणाले, मंगळवारपर्यंत ठेवू द्या.

"पुढचं घर वाट पाहून राहिलं. कोणतं पान?"

"अठ्ठ्याहत्तर. गोष्टीची तीनच पानं राहिली. तो भाऊ घरी परत येतो की नाही तेवढं सांगा, मग न्या."

गठ्ठा वाटायच्या आधी काकूंचं बोट त्र्याहत्तराव्या पानापर्यंतच पोचलं होतं, त्या एकेक ओळ बोटानं धरून वाचतात, त्यांना कुठून माहीत असणार. तसं सांगितल्यावर हेमचंद्रांचा चेहरा उतरला. मग क्षमानंच खुर्च्या ओढल्या आणि म्हणाली, त्र्याहत्तरपासून मोठ्यानं वाचा, आम्हीही ऐकतो. हेमचंद्रांनी घसा साफ केला आणि कचेरीतलं परिपत्रक वाचावं तसे वाचू लागले.

खालून हॉर्न वाजला. ऑटोवाला ओरडून विचारत होता, अम्मा, चलना है कि नहीं?

काकूंनी खिडकीतून डोकं बाहेर काढलं. "रुको भैया," म्हणाल्या, "अभी वो स्टेशन पे उतरा है."